फेल सेफ आणि डॉक्टर स्ट्रेंजलव्ह: गोष्ट तीच, घोळ वेगळा

हे दोन पिक्चर लोक हमखास एकमेकांत मिसळतात आणि चूक त्यांची नाही. दोन्ही १९६४ चे, दोन्ही ब्लॅक अँड व्हाइट, दोन्ही कोलंबियाचे, आणि दोन्हीत अमेरिकेची अणुबॉम्बवाली विमानं रशियावर निघतात ती परत बोलावता येत नाहीत. मूळ कादंबऱ्या इतक्या सारख्या की खटला झाला, तो कोर्टाबाहेर मिटला, पण कुब्रिकचा स्ट्रेंजलव्ह जानेवारीत लागला आणि ल्युमेटचा फेल सेफ थेट ऑक्टोबरमध्ये, तोवर लोक याच गोष्टीवर हसून बसलेले, मग हा बिचारा आपटला. (पुढे स्पॉयलर आहेत, साठ वर्षं झाली, आता काय लपवायचं.)

फेल सेफमध्ये मशीनचा एक पार्ट जातो आणि हल्ल्याचा कोड सुटतो, माणसं बहुतेक शहाणी. पण संशय तिथेही आहे, फक्त तो नियमात लिहून ठेवलाय: एकदा ठरलेल्या हद्दीपुढे गेलात की रेडिओवरच्या आवाजावर विश्वास नाही, मग खुद्द राष्ट्राध्यक्ष बोलू दे नाहीतर बायको रडू दे, पायलट विमान वळवत नाही. बघताना पोटात गोळा येतो.

स्ट्रेंजलव्हमध्ये यंत्रणा ठणठणीत, माणूस सटकलेला. अमेरिकेच्याच हवाई दलातल्या जनरल रिपरच्या डोक्यात बसलंय की पाण्यात फ्लोराइड घालणं हा कम्युनिस्टांचा कट आहे, त्यावरून हा युद्ध सुरू करतो! आणि मग एकेक फजिती: रिपरच्या हाताखालच्या अधिकाऱ्याला विमानं परत बोलवायचा कोड सापडतो पण तो कळवायला पब्लिक फोनला सुट्टे नाहीत, म्हणून त्याने एका कर्नलला कोकाकोलाचं मशीन फोडायला सांगितलं तर कर्नल बजावतो की कंपनीला उत्तर तुलाच द्यावं लागेल. मला विचाराल तर अख्ख्या पिक्चरचा अर्क या एका सीनमध्ये आहे.

दोन्ही पिक्चरमधला राष्ट्राध्यक्षांचा रशियाला केलेला फोन शेजारी ठेवून बघा. फेल सेफमधला राष्ट्राध्यक्ष हेन्री फोंडा दुभाष्याला सांगतो की शब्दांसोबत समोरच्याचा सूरही मला सांग. इकडे स्ट्रेंजलव्हमधला राष्ट्राध्यक्ष पीटर सेलर्स प्यायलेल्या रशियन पंतप्रधान दिमित्रीला समजावतो आणि जास्त सॉरी कोणाला वाटतंय यावरच दोघं भांडतात, तेही आपल्याला एकाच बाजूचं ऐकू येतं.

गंमत म्हणजे १९६३ मध्ये सुरू झालेल्या वॉशिंग्टन-मॉस्को खऱ्या हॉटलाइनवर बोलायची सोयच नव्हती, ती टेलिप्रिंटरची, म्हणजे लेखी संदेशांची लाइन होती, कारण बोलताना गैरसमज होतात.