रेशन कार्ड हातात आहे, मग धान्य का मिळत नाही?

“कार्ड शे, मंग धान्य काबर नई?” आमच्याकडे कंट्रोलच्या दुकानासमोर हा प्रश्न दर महिन्याला ऐकू येतो. विचारणारी बाई खरं बोलत असते आणि बहुतेक वेळा दुकानदारही खरंच सांगत असतो. तिच्याकडे केशरी कार्ड असतं, पण मशीनमध्ये तिच्या नावावर धान्य आलेलं नसतं. कार्ड मिळणं ही एक गोष्ट आणि धान्य सुरू होणं ही दुसरी, आणि दुसरीसाठी वेगळा अर्ज करावा लागतो, हे तिला कुणी सांगितलेलंच नसतं. जळगाव, धुळे, नंदुरबार या तिन्ही जिल्ह्यांतल्या लोकांसोबत तहसीलच्या पायऱ्या चढताना मला सगळ्यात जास्त भेटलेली अडचण हीच. म्हणून सुरुवात तिथूनच करतो.

रंग वेगळा, हक्क वेगळा

१ मे १९९९ पासून राज्यात तीन रंगांची शिधापत्रिका आहे. वर्षाचं कौटुंबिक उत्पन्न १५ हजारांपर्यंत असेल तर पिवळी, १५ हजार १ ते १ लाखापर्यंत केशरी आणि त्याच्या वर पांढरी. पिवळ्या कार्डाला जमिनीचीही अट आहे. सगळ्या घराची मिळून जमीन २ हेक्टर जिरायत, १ हेक्टर अर्धबागायत किंवा अर्धा हेक्टर बागायत यापेक्षा जास्त नको. दुष्काळी तालुक्यांत ही मर्यादा दुप्पट धरतात. म्हणजे रावेर-यावलच्या केळीपट्ट्यात सव्वा एकराच्या जरा वर बागायत असली तरी पिवळं कार्ड अडतं, आणि साक्री-शिंदखेड्याकडे पाच एकर कोरडवाहू असूनही हाती काही लागत नाही अशा घराला ते बहुधा अडत नाही. घरात चारचाकी असेल किंवा कुणी आयकर भरत असेल तर पिवळ्या कार्डाचा विचार सोडून द्यावा. चारचाकीची अट केशरीलाही आहे, पण टॅक्सी चालवून पोट भरणाऱ्याला त्यातून सूट आहे.

मात्र १ फेब्रुवारी २०१४ पासून राज्यात राष्ट्रीय अन्न सुरक्षा कायदा लागू झाला आणि धान्य कुणाला हे रंगावरून ठरायचं थांबलं. आता धान्य दोनच गटांना मिळतं, अंत्योदय आणि प्राधान्य कुटुंब. अंत्योदय कुटुंबाला महिन्याला ३५ किलो, घरात माणसं कितीही असोत. प्राधान्य कुटुंबाला माणशी ५ किलो. चार माणसांचं घर प्राधान्यात असेल तर २० किलो, अंत्योदयात असेल तर ३५. सात माणसांच्या घराला दोन्हीकडे तेवढंच. आधी तांदूळ ३ रुपये, गहू २ रुपये आणि भरडधान्य १ रुपया किलोने मिळायचं. १ जानेवारी २०२३ पासून ते पूर्ण मोफत आहे आणि १ जानेवारी २०२४ पासून पुढे पाच वर्षं मोफतच राहणार आहे. तेव्हा दुकानात गहू-तांदळाचे पैसे कुणी मागितले तर ते देऊ नका.

प्राधान्य गटासाठी वार्षिक उत्पन्नाची मर्यादा खेड्यात ४४ हजार आणि शहरात ५९ हजार आहे. आता हिशेब बघा. केशरी कार्ड १ लाखापर्यंत मिळतं, धान्य मात्र खेड्यात ४४ हजारांपर्यंतच्यांना. मधल्या सगळ्या घरांकडे कार्ड आहे, धान्य नाही. ४४ हजार म्हणजे महिन्याला पावणेचार हजारही होत नाहीत. आजच्या मजुरीच्या दरात ही मर्यादा फार तोकडी आहे असं माझं स्पष्ट मत आहे. पण ती बदलत नाही तोवर अर्ज तिच्याच चौकटीत करावा लागेल.

मुक्ताईनगर-बोदवडकडच्या शेतकऱ्यांसाठी एक खुलासा. पलीकडे मलकापूरला, म्हणजे बुलढाणा जिल्ह्यात, केशरी कार्डाच्या शेतकऱ्यांना धान्याऐवजी खात्यात पैसे मिळतात हे तुम्ही पाहुण्यांकडून ऐकलं असेल. ते खरं आहे. पण ती योजना मराठवाड्याचे आठ, अमरावती विभागाचे पाच आणि वर्धा अशा १४ जिल्ह्यांपुरतीच आहे. खान्देशातला एकही जिल्हा तिच्यात नाही. त्यासाठी अर्ज भरून देतो म्हणणाऱ्याच्या नादी लागू नका.

तुमचं घर यादीत आहे का?

आधी कार्ड उघडून त्यावर ‘प्राधान्य कुटुंब’ किंवा ‘अंत्योदय’ असा शिक्का आहे का ते बघा. मग बारा अंकी आरसी (रेशन कार्ड) क्रमांक शोधा. कार्डावर छापलेला जुना अनुक्रमांक वेगळा, हा संगणकातला क्रमांक वेगळा. बारा अंकी क्रमांकच नसेल तर तुमचं कार्ड ऑनलाइन चढलेलंच नाही, आणि पहिलं काम तेच. क्रमांक आहे पण शिक्का नाही, तर तुम्हाला नवं कार्ड नको, प्राधान्य गटात समावेशाचा अर्ज हवा. ‘मेरा राशन’ ॲपवर किंवा दुकानातल्या ई-पॉस मशीनवरही हे दिसतं. दुकानदाराला शांतपणे म्हणा, “दादा, माझा नंबर टाकून बघा, किती माणसं आणि किती किलो दाखवतंय.” पुष्कळदा सहा माणसांच्या घरात चारच नावं चढलेली निघतात आणि वर्षानुवर्षं दहा किलो कमी मिळत आलेलं असतं.

अंत्योदय सगळ्यात गरीब घरांसाठी आहे. भूमिहीन शेतमजूर, अल्पभूधारक, कुंभार-लोहार-सुतार यांच्यासारखे कारागीर, हमाल, हातगाडीवाले, आणि कमाईची कसलीही खात्री नसलेल्या विधवा, अपंग, दुर्धर आजारी किंवा साठीच्या पुढची माणसं ज्या घराच्या प्रमुख आहेत ती घरं त्यात येतात. सातपुड्याच्या पाड्यांवर अशी घरं शोधावी लागत नाहीत. अंत्योदयाला नियतन, म्हणजे सरकारने ठरवून दिलेला साठा, आलं की घराला महिन्याला किलोभर साखरही २० रुपयांनी मिळते.

आता सगळ्यात अवघड शब्द, इष्टांक. राज्यासाठी लाभार्थ्यांची संख्या बांधून दिलेली आहे, ७ कोटी १६ हजार. ती जिल्ह्याला, तिथून तालुक्याला वाटली जाते. तालुक्याचा इष्टांक भरलेला असेल तर तुम्ही पात्र असूनही “जागा नाही” असं उत्तर मिळतं. म्हणून अर्ज न करता परत येऊ नका. माणसं वारतात, मुली लग्न होऊन जातात, उत्पन्न वाढलेली घरं वगळली जातात, आणि जागा मोकळ्या होतात. त्या वेळी तुमचा अर्ज तारखेनिशी फाइलीत असला पाहिजे. तोंडी विचारून परत आलेल्याचा तिथे काहीच पुरावा नसतो.

कागद

नवीन कार्डासाठी अर्जाचा नमुना १. नाव वाढवायला नमुना ८, कमी करायला ९, पत्ता किंवा इतर बदलाला १४, हरवलेल्या-फाटलेल्या कार्डाच्या दुय्यम प्रतीसाठी १५. हे आकडे लिहून ठेवा. खिडकीवर नुसतं “फॉर्म द्या” म्हटलं की भलताच कागद हाती येतो.

घरातल्या प्रत्येकाचं आधार, अगदी पाळण्यातल्या बाळाचंही असेल तर. रहिवासासाठी घरपट्टीची पावती किंवा लाइट बिल, भाड्याने राहत असाल तर भाडेकरार; आणि हा पुरावा वर्षभराच्या आतला ठेवा. तहसीलदारांचा उत्पन्नाचा दाखला सेतूत किंवा आपले सरकार केंद्रात अर्ज केला की मिळतो, आणि त्याला तलाठ्याचा अहवाल लागतो. बँक पासबुक, गॅस असेल तर त्याचं पुस्तक. कुटुंबप्रमुख म्हणून घरातल्या अठरा वर्षांवरच्या सगळ्यात मोठ्या बाईचंच नाव लागतं, कायद्यातच तसं आहे. त्यामुळे फोटो तिचा. सासऱ्यांचा फोटो लावून अर्ज नेला आणि तो परत आला, असं अजूनही होतं.

प्रतिज्ञापत्रासाठी स्टॅम्प पेपर घ्यायला कुणी सांगितलं तर विचारा, कशासाठी? ९ मार्च २०१५ च्या शासन निर्णयाने अशा कामांसाठी साध्या कागदावरचं स्वयंघोषणापत्र चालतं आणि झेरॉक्सवर स्वतःची सही पुरते. तहसीलबाहेर झाडाखाली बसलेल्या माणसाला यासाठी दोनशे-तीनशे रुपये देणारे मजूर मी पाहिलेत. तो पैसा त्यांचा दिवसाचा रोज असतो.

खरा घोळ होतो तो नावांत. भाऊ वेगळे झाले की आधी जुन्या कार्डातून नावं कमी करून त्याचा दाखला घ्यावा लागतो, मगच विभक्त कार्ड. सुनेचं तर याहून बिकट. तिचं नाव माहेरच्या कार्डात असेपर्यंत सासरच्या कार्डात चढत नाही, कारण एक आधार दोन ठिकाणी चालत नाही. माहेर अमळनेर किंवा पारोळ्याचं असेल तर एका दिवसाची फेरी. पण खान्देशातल्या सोयरिकी गुजरातेत आणि मध्य प्रदेशातही होतात. उधना-लिंबायतमध्ये वाढलेल्या मुलीचं नाव तिकडच्या मामलतदार कचेरीतून कमी करून आणावं लागतं, सेंधवा-बऱ्हाणपूरकडच्या मुलीचं तिकडच्या कार्यालयातून. हे काम लग्नानंतर पहिल्यांदा माहेरी जाते तेव्हाच उरकावं. मूल झाल्यावर आई आणि बाळ दोघांचीही नावं अडकतात आणि घराचं महिन्याला दहा किलो जातं.

आधारावरचं नाव आणि कार्डावरचं नाव सारखं आहे का तेही बघून घ्या. एकीकडे ‘सुमनबाई’, दुसरीकडे ‘सुमन’, तिसरीकडे वडिलांचं नाव. आधी आधार नीट करा, मग कार्ड, मग उत्पन्नाचा दाखला. उलट्या क्रमाने गेलात तर सगळं दोनदा करावं लागतं.

अर्ज कुठे द्यायचा

तहसील कार्यालयातल्या पुरवठा शाखेत, नाहीतर पुरवठा विभागाच्या महाफूड संकेतस्थळावर ‘पब्लिक लॉगिन’ करून. घरी फोन चालवणारं पोरगं असेल तर ऑनलाइनच करा, अर्ज कुठे थांबलाय ते दिसत राहतं. कागदी अर्ज दिलात तर दुसऱ्या प्रतीवर आवक क्रमांक, तारीख आणि शिक्का घेतल्याशिवाय जागा सोडू नका. नवीन कार्डासोबतच प्राधान्य गटात समावेशासाठी वेगळा अर्ज आणि हमीपत्रही त्याच दिवशी द्या, म्हणजे दुसरी खेप वाचते. त्यानंतर पुरवठा निरीक्षक किंवा तलाठी चौकशीला येऊ शकतात. ऑनलाइन मंजूर झालेली ई-शिधापत्रिका डाउनलोड करायला पैसे लागत नाहीत.

यादीत नाव आलं की घरातल्या प्रत्येकाचं ई-केवायसी, म्हणजे आधारावरून ओळख पटवणं. कुठल्याही रेशन दुकानात मशीनवर अंगठा दिला की होतं. पण कापूस वेचून, निंदणी करून ज्यांच्या बोटांच्या रेषाच झिजल्यात, त्या म्हाताऱ्यांचा अंगठा मशीन घेत नाही. त्यांना चार वेळा रांगेत उभं करून परत पाठवणं हे मला फार लागतं. अशा वेळी ‘मेरा ई-केवायसी’ ॲपवरून चेहरा दाखवून केवायसी होतं, किंवा आधार केंद्रात जाऊन बोटांचे ठसे नव्याने घेता येतात. पोरांचे ठसे पाचव्या आणि पंधराव्या वर्षानंतर अद्ययावत करावेच लागतात. ते राहिले तर पोराचा अंगठा जुळत नाही आणि केवायसी अडून बसतं.

अडलं तर

शिधापत्रिकेची कामं महाराष्ट्र लोकसेवा हक्क अधिनियम, २०१५ खाली येतात. म्हणजे ठरलेल्या मुदतीत काम झालं पाहिजे, आणि नाकारलं तर कारण लेखी दिलं पाहिजे. नाही झालं तर प्रथम अपील, मग द्वितीय, त्यानंतर लोकसेवा हक्क आयोग. धान्य कमी देणं, पावती न देणं, दुकान बंद ठेवणं यासाठी १९६७ किंवा १८००-२२-४९५० वर फोन लागतो, तोही मोफत. गावात दक्षता समिती असते, तिचे सदस्य कोण ते ग्रामपंचायतीत विचारा. त्याच्या वर जिल्हा पुरवठा अधिकारी, कायद्याखालचे जिल्हा तक्रार निवारण अधिकारी आणि शेवटी राज्य अन्न आयोग. तक्रारीत बारा अंकी क्रमांक, महिना आणि किती किलो कमी मिळालं एवढं नीट लिहिलं तर दोन पानांचं गाऱ्हाणं लिहायची गरज पडत नाही. मशीनची पावती जपून ठेवा, तीच तुमची साक्ष.

ऊसतोडीला, सुरतेला जाणाऱ्यांसाठी

दिवाळी झाली की धडगाव, अक्कलकुवा, नवापूरकडची किती घरं कुलूप लावून गुजरातेत जातात, आणि चाळीसगाव-पाचोऱ्याकडून ऊसतोडीचे कोयते निघतात. पूर्वी घर सोडलं की रेशन बुडालंच. आता एक देश एक रेशन कार्ड आहे, आणि त्याचा पहिला प्रयोग ऑगस्ट २०१९ मध्ये झाला तोच मुळी महाराष्ट्र-गुजरात आणि आंध्र-तेलंगण या दोन जोड्यांमध्ये. त्यामुळे बारडोलीच्या किंवा सुरतेच्या कुठल्याही रेशन दुकानात आरसी क्रमांक किंवा आधार क्रमांक सांगून अंगठा दिला की गहू-तांदूळ मिळतो. वेगळा अर्ज नाही, वेगळं कार्ड नाही. सगळं धान्य एका जागी उचलायचीही गरज नाही. म्हातारी आई गावात असेल तर थोडं तिथे उचलायचं, उरलेलं इकडे.

पण ज्याचं आधार रेशन कार्डाशी जोडलेलं नाही त्याला हे जमत नाही, म्हणून निघायच्या आधी सगळ्यांची केवायसी करून घ्या. आणि २०२५ च्या नव्या आदेशाप्रमाणे सलग सहा महिने धान्य उचललं नाही तर कार्ड तात्पुरतं बंद होतं आणि पुन्हा पडताळणी करावी लागते. कोप्यावरून (ऊसतोडीच्या झोपडीवरून) दुकान लांब असलं तरी मुकादमाकडे महिन्यातून अर्धा दिवस मागून घ्या आणि धान्य उचला. मग होळीला घरी आल्यावर कार्ड चालूच असेल.