फळांचं लिंबू सरबत (इंदूर)

फळांचं लिंबू सरबत म्हणजे लिंबाचा रस, साखर, पाणी, चिमूटभर मीठ आणि सोबत एखाद्या फळाचा रस किंवा गर. फळ किती घालायचं याचा पक्का नियम कुठे नाही, पण टरबुजासारखं पाणीदार फळ सोडलं तर साधारण एक लिटर सरबतात पाव लिटरच्या वर फळ गेलं की लिंबू मागे पडतं आणि हातात ज्यूस येतो, मग त्याला लिंबू सरबत का म्हणायचं. इंदूरच्या मराठी घरांत मुख्यतः होळीनंतर हे सुरू होतं ते जांभळं संपेपर्यंत चालतं, आणि आज कुठलं सरबत होणार हे बहुतेक वेळा गल्लीत आलेला ठेला ठरवतो.

बाहेरून येणाऱ्यांसाठी एक गोष्ट आधीच सांगितलेली बरी, इंदूरमधे शिकंजी मागितली तर लिंबाचं काही मिळत नाही. सराफा किंवा छप्पन दुकान या इथल्या खाऊगल्ल्यांत शिकंजी म्हणजे आटवलेल्या दुधाचं, सुकामेवा-केशर-वेलची घातलेलं घट्ट गार प्रकरण, ते पिऊन झालं की रात्रीचं जेवण विसरा. दिल्लीकडे शिकंजी म्हणतात ते लिंबाचं हवं असेल तर इथे निंबू पानी म्हणायचं.

मराठी घरांचं जुनं उन्हाळी पेय म्हणजे कैरीचं पन्हं. १८१८ च्या मंदसोरच्या तहानंतर होळकरांची राजधानी इंदूरला आली, त्याच्या आधी-नंतर इथे आलेल्या मराठी कुटुंबांनी चैत्रगौर आणि तिचं हळदीकुंकू सोबत आणलं, त्यामुळे आंब्याची डाळ आणि पन्हं आजही चैत्रात होतंच. फळं घातलेलं लिंबू सरबत त्या मानाने अलीकडचं, मिक्सर आणि फ्रिज घरोघरी आल्यावर फोफावलेलं. फक्त फालशाचं, म्हणजे वाटाण्याएवढ्या एका आंबट फळाचं, जुनं, कारण त्याला मिक्सर लागतच नाही, उलट मिक्सरने ते बिघडतं. आता हळदीकुंकवाला पन्ह्याशेजारी टरबुजाचं गुलाबी सरबत ठेवलेलं दिसतं आणि पोरं आधी तेच उचलतात, आजी लोकांना ते फारसं पटत नाही.

लिंबाचं गणित

आपल्याकडचं लिंबू कागदी लिंबू, पातळ सालीचं. रसात ५ ते ६ टक्के सायट्रिक आम्ल असतं आणि एका मध्यम लिंबातून २० ते २५ मिली रस निघतो, उन्हाळ्यातल्या वाळक्या लिंबातून त्याहून कमी. लिटरभर सरबताला साधारण १०० मिली रस, १२० ग्रॅमच्या आसपास साखर, २०० मिली फळाचा गर आणि बाकी पाणी हे सुरुवातीचं प्रमाण धरावं, पण ते फळ पाहून हलवायचं, आणि हे सरबत जमणं न जमणं सगळं त्या हलवण्यावर असतं. फळ स्वतः आंबट असेल तर लिंबू निम्म्यावर आणायचं, फळ नुसतं गोड असेल तर लिंबू वाढवायचं आणि साखर कमी करायची. सगळ्या फळांना एकच माप लावलं की अर्ध्या वेळा दात आंबतात आणि अर्ध्या वेळा नुसतं गोड पाणी होतं.

आता लिंबू नेमकं एप्रिल-मेमधेच महाग का होतं, तर झाडाला वर्षातून तीन बहार येतात, आंबिया, मृग आणि हस्त. उन्हाळ्यात बाजारात येणारी फळं हस्त बहाराची, म्हणजे सप्टेंबर-ऑक्टोबरला फुललेली, आणि हा बहार धरणं सगळ्यात अवघड कारण फुलायच्या आधी झाडाला पाण्याचा ताण द्यावा लागतो आणि नेमका तेव्हाच पाऊस असतो. माल कमी, मागणी सगळ्यात जास्त. एप्रिल २०२२ मधे तर देशात बऱ्याच शहरांत लिंबं किलोला २०० रुपयांच्या वर गेली होती. म्हणून फालसा, कैरी, अननस अशी आंबट फळं उन्हाळ्यात चवीइतकीच खिशालाही बरी, दोन लिंबांत चार लिंबांचं काम होतं. काही घरांत निंबू सत म्हणजे सायट्रिक आम्लाचे खडे घालतात, त्याने आंबटपणा येतो पण लिंबाचा वास येत नाही, कारण तो वास सालीतल्या तेलाचा. तो हवा असेल तर एखाद्या लिंबाची हिरवी-पिवळी साल साखरेवर हलकेच घासायची, पांढऱ्या भागापर्यंत जायचं नाही, तो कडू.

लिंबू चिरायच्या आधी ओट्यावर तळहाताने दाबून लोळवलं की रस जास्त निघतो. बिया काढायच्याच. बी मिक्सरमधे गेली की संपलं, त्या कडवटपणाला साखर वाढवून काही फरक पडत नाही.

पाक आधी, लिंबू शेवटी

गार पाण्यात साखर विरघळवत बसू नये, तळाशी राहते आणि शेवटचा ग्लास ज्याला मिळतो त्याचं तोंड बघण्यासारखं होतं. साखर आणि पाणी सारख्या मापाने घेऊन नुसतं विरघळेपर्यंत गरम करायचं, तार वगैरे काही बघायची नाही, आणि पूर्ण गार होऊ द्यायचं. फळ शिजवायचं असेल तर ते याच पाकात. लिंबाचा रस गार पाकातच घालायचा, गरम पाकात घातला तर सुवास उडतो, क जीवनसत्त्व कमी होतं आणि सरबताला शिळ्या लिंबासारखी चव येते. भांडं स्टीलचं किंवा काचेचं, पितळ-तांब्याचं बिनकल्हईचं आणि ॲल्युमिनियमचं नको कारण आम्ल धातू खातं.

पाण्याचाही फरक पडतो आणि इंदूरमधे हा विषय घरोघरी निघतो. १९७८ पासून शहराला नर्मदाकाठच्या जलूद गावाहून पंप करून आणलेलं नर्मदेचं पाणी मिळतं, ज्या घरात ते येत नाही किंवा कमी येतं तिथे बोरिंग. बोरिंगचं पाणी जड असेल तर त्यातले क्षार लिंबाचं थोडं आम्ल मारतात, सरबत सपक लागतं आणि लोक साखर कमी पडली समजून साखर घालतात, खरं तर अर्धं लिंबू कमी पडलेलं असतं. बर्फ घरचा, पिण्याच्या पाण्याचा. बाजारातल्या लादीचा बर्फ आइसबॉक्समधे बाटल्या गार करायला ठीक, ग्लासात नको.

फळं

फालसा सगळ्यांत वरचा. एप्रिल अखेर ते जूनच्या सुरुवातीपर्यंत ठेल्यावर मीठ लावून कागदाच्या पुडीत मिळतो, जांभळट लाल, वाटाण्याएवढा, आणि तोडल्यावर एक-दोन दिवसांत नरम पडतो म्हणून दूरच्या बाजारात जात नाही, मुंबई-पुण्याच्या पाहुण्यांनी म्हणूनच तो बऱ्याचदा पाहिलेलाही नसतो. पाव किलो फालसे धुवून दोन वाट्या पाण्यात तासभर भिजवायचे, हाताने कुस्करायचे आणि गाळायचं. बिया टणक, मिक्सरला लावल्या की तुरट कडू पूड होते. लिंबू निम्मं, काळं मीठ थोडं आणि भाजलेलं जिरं. काळ्या मिठाचा वास त्यातल्या गंधकाच्या संयुगांचा असतो, फालशाबरोबर तो छान बसतो पण टरबुजात घातला तर नुसता तोच येतो.

टरबूज म्हणजे पुणेकरांचं कलिंगड. यात ९० टक्क्यांहून जास्त पाणीच, आंबटपणा जवळजवळ शून्य, त्यामुळे वेगळं पाणी फार घालायचं नाही, लिंबू नेहमीपेक्षा दीडपट आणि साखर चाखून, खूपदा लागतच नाही. गर मिक्सरमधे दोन-तीन झटकेच, जास्त फिरवला की फेस होतो. पुदिना याच्याबरोबर, दुसऱ्या कुठल्या फळाबरोबर नसला तरी चालेल. करून ठेवू नये, तासाभरात पाणी खाली आणि गर वर, ढवळलं तरी पहिली मजा येत नाही.

जांभूळ पावसाच्या तोंडावर येतं. यात रंगाचा खेळ बघण्यासारखा असतो, गर जांभळा-निळसर असतो आणि लिंबू पडलं की डोळ्यांदेखत लालसर गुलाबी होतो, त्यातला अँथोसायनिन नावाचा रंगद्रव्याचा गट आम्लात लाल दिसतो म्हणून. तुरटपणा जास्त वाटला तर नुसती साखर वाढवू नये, चिमूटभर मीठही घालावं. फालशाचा रंगही त्याच गटातला.

संत्रं हिवाळ्यातलं, आगर-शाजापूरकडचा माल इंदूरच्या चोइथराम मंडीत येतो आणि स्वस्त असतो. सोललेल्या फोडी तशाच मिक्सरला लावणं ही सगळ्यात कॉमन चूक, बिया आणि पापुद्रे वाटले गेले की सुरुवातीला काही कळत नाही, अर्ध्या तासाने कडवट व्हायला लागतं. हाताने पिळावं आणि लगेच प्यावं.

अननसाचे तुकडे पाकात पाच-सात मिनिटं शिजवून मग वाटले तर जीभ चुरचुरत नाही, कारण प्रथिनं तोडणारं ब्रोमेलेन उष्णतेने निकामी होतं. पेरूचा, खासकरून आतून गुलाबी पेरूचा, गर छान दाट येतो, त्यात दाटपणा आणणारं पेक्टिन भरपूर असतं, म्हणून पाणी थोडं जास्त आणि गाळणी मोठ्या छिद्रांची. पेरूच्या ग्लासाच्या कडेला तिखट-मीठ लावतात, आणि इंदूर असल्यामुळे पोह्यांवर भुरभुरायचा मसाला, जीरावन, लावणारेही निघतात. जीरावनात हिंग असतो त्यामुळे कडेलाच ठीक, सरबतात ढवळलं तर फोडणीचा वास येतो. डाळिंबाचे दाणे फिरवायचे नाहीत, पिशवीत घालून दाबायचे. शहतूत म्हणजे तुती मार्चमधे थोडेच दिवस दिसतं, मिळालं तर फालशासारखंच करायचं पण लिंबू पूर्ण घालायचं कारण पिकलेलं शहतूत गोडच असतं.

पिकल्या आंब्यात लिंबू घालणारे आहेत, पण आमरस असताना हा उद्योग कशाला. चिकू, सीताफळ, केळं, पपई यांचं लिंबू सरबत होत नाही, आंबटपणा नाही, गर चिकट किंवा रवाळ, लिंबू वेगळं आणि फळ वेगळं लागतं. त्यांचा शेक करावा.

सब्जा घालायचा तर १५-२० मिनिटं आधी भिजवून, कोरडा घातला की तळाशी गुठळ्या होतात. पाण्याऐवजी सोडा घालायचा तर पाक दाट ठेवायचा, सोडा शेवटी ओतायचा आणि चमच्याने फार ढवळायचं नाही.

टिकवणं

पाणी घातलेलं सरबत त्याच दिवशी संपवावं. लिंबू आणि फळ घातलेला दाट पाक फ्रिजमधे काचेच्या बाटलीत आठवडाभर सहज राहतो. फालसा-जांभळाचा हंगाम छोटा असल्यामुळे गाळलेला रस बर्फाच्या ट्रेमधे गोठवून ठेवणं सगळ्यात सोपं, लागतील तशा वड्या काढायच्या आणि लिंबू त्या वेळी ताजं पिळायचं.

वर्षाचं स्क्वॅश करणारे मात्र परिरक्षक वापरतात आणि इथे फळाच्या रंगाकडे बघावं लागतं. फिकट फळांना म्हणजे अननस, पेरू, नुसतं लिंबू यांना पोटॅशियम मेटाबायसल्फाइट चालतं, किलोभर स्क्वॅशला साधारण ०.६ ग्रॅम, आधी थोड्या पाण्यात विरघळवून. फालसा, जांभूळ, डाळिंब यांत ते घालू नये, त्यातून निघणारा सल्फर डायऑक्साइड रंग उडवतो आणि महिन्याभरात बाटली फिकट पडते, त्यांना सोडियम बेंझोएट. घरात कुणाला दमा असेल तर मेटाबायसल्फाइटची बाटली करूच नये, सल्फाइटने काहींना धाप लागते. त्यांच्यासाठी गोठवलेल्या वड्या.