ब्राउझरमधील ड्रिफ्टिंग गेम

काहीही डाउनलोड न करता थेट ब्राउझरमध्ये खेळता येणारे, वळणावर गाडी आडवी घसरवत नेण्याचे व्हिडिओ गेम. यातल्या बहुतेकांत अंतिम रेषा नसते आणि प्रतिस्पर्धीही नसतो. गाडी किती तिरकी, किती वेगात आणि किती वेळ सलग घसरत राहिली, त्यावर गुण मिळतात.

ही कला आली जपानमधून. तिथल्या सर्किटवर १९७०च्या दशकात कुनिमित्सु ताकाहाशी हा चालक वळणात गाडी मुद्दाम घसरवत असे. पुढे केइची त्सुचियाने तेच तंत्र डोंगरातल्या घाटरस्त्यांवर घोटले आणि तो ‘ड्रिफ्ट किंग’ म्हणून ओळखला जाऊ लागला. त्याची टोयोटा एई८६ ही हलकी, मागच्या चाकांना ताकद देणारी गाडी होती. २०१७ साली आलेल्या ‘ड्रिफ्ट हंटर्स’ या लोकप्रिय ब्राउझर गेममध्ये नव्या खेळाडूच्या हाती पहिल्यांदा हीच गाडी येते, हा योगायोग नव्हे.

खेळ कीबोर्डवरचे चार बाण आणि स्पेसबारवर चालतो. डावे वळण जवळ आले की डावा बाण दाबायचा, स्पेसबारला, म्हणजे हँडब्रेकला, निसटता स्पर्श करायचा. हँडब्रेकने मागची चाके पकड सोडतात आणि गाडीचे बूड बाहेर झुकते. लगेच उजवा बाण, म्हणजे उलटे स्टिअरिंग, आणि अ‍ॅक्सिलरेटर सोडायचा नाही. नवखा माणूस इथेच घाबरून बोट उचलतो, गाडी सरळ होते आणि गुणांचा आकडा थांबतो. उलटे स्टिअरिंग उशिरा दिले, तर गाडी गर्रकन फिरून उलट्या तोंडाने उभी राहते. या दोन चुकांच्या मधली चिंचोळी जागा सापडणे, हीच या खेळाची खरी गोडी. गाड्यांची रंगरंगोटी आणि टर्बोची खरेदी त्यानंतरची.

खऱ्या टायरची पकड घसरण वाढत जाईल तशी आधी वाढते आणि एका टोकानंतर उतरते. युनिटीसारख्या गेम इंजिनमध्ये, म्हणजे गेम बनवण्याच्या सॉफ्टवेअरमध्ये, चाकांच्या पकडीचा हा आलेख प्रोग्रॅमरला हवा तसा वाकवता येतो. टोकानंतरचा उतार सौम्य ठेवला की गाडी घसरते, पण लगेच हाताबाहेर जात नाही. कीबोर्डचे बटण एक तर दाबलेले असते, नाहीतर सुटलेले. अर्धे स्टिअरिंग देताच येत नाही. म्हणून चाके हळूहळू वळवण्याचे कामही गेमच करतो. हे सगळे वास्तवापासून फारकत घेणारे आहे खरे, पण तंतोतंत वास्तव दिले असते तर पहिल्या पाच मिनिटांतच बहुतेकांनी टॅब बंद केला असता.

जुने ब्राउझर गेम ज्यावर चालत, त्या फ्लॅश या प्लगइनचा (ब्राउझरला जोडायच्या सॉफ्टवेअरचा) आधार अ‍ॅडोबी कंपनीने ३१ डिसेंबर २०२० रोजी काढून घेतला आणि त्यातले असंख्य बंद पडले. ड्रिफ्टिंगचा प्रकार मात्र टिकला, कारण २०११मध्ये आलेल्या वेबजीएल या तंत्रामुळे प्लगइनशिवाय त्रिमितीय चित्रे दाखवता येऊ लागली होती. ‘ड्रिफ्ट बॉस’ने तर सगळा मामला एका बटणावर आणला: दाबले की गाडी उजवीकडे, सोडले की डावीकडे, चुकले की रस्त्यावरून खाली.

खेळाची प्रगती बहुधा ब्राउझरच्याच साठ्यात राहते. हिस्टरी पुसताना साइट डेटासमोरची खूण तशीच राहिली, तर जमवलेले सगळे गॅरेज जाते आणि दारात पुन्हा ती एई८६ उभी असते.