सहा मितींची सावली पडलेला धातू

परवा आमच्या कॉलनीच्या ग्रुपवर एक मेसेज फिरत होता, परदेशात म्हणे असा पदार्थ सापडलाय जो आपल्या तीन मितींना वरच्या मितींशी जोडतो, आणि खाली लगेच त्याच पदार्थाच्या 'ऊर्जा लॉकेट'ची जाहिरात. असा मितींमध्ये पूल बांधणारा धातू कुठंही नाही. पण ज्यांच्या अणूंची मांडणी समजून घ्यायला खरोखर सहा मितींचा हिशेब लागतो असे मिश्रधातू आहेत की, त्यांना क्वासीक्रिस्टल म्हणतात आणि ते त्या लॉकेटपेक्षा लई भारी आहेत.

मीठ, साखर, लोखंड यांत अणूंची एकच मांडणी पुन्हा पुन्हा येते हे शाळेत झालंय. आपल्या सोलापुरी चादरीसारखंच, मागावर नक्षी ठरवणाऱ्या जेकार्डच्या कार्डांची माळ एक फेरा मारून आली की तीच नक्षी परत. अशी मांडणी असेल तर पंचकोनी सममिती चालत नाही, पंचकोन एकमेकांना लावत गेलं की मधे फटी राहतातच, हे गणितानं पक्कं झालेलं. आणि 8 एप्रिल 1982 ला अमेरिकेत डॅन शेक्टमन यांनी झटकन थंड केलेला ॲल्युमिनियम-मँगनीजचा मिश्रधातू इलेक्ट्रॉन मायक्रोस्कोपमध्ये बघितला तर अणूंवरून विखुरलेल्या इलेक्ट्रॉनांचे ठिपके दहा-दहाच्या वर्तुळात, म्हणजे तीच न चालणारी पंचकोनी सममिती! लोकांनी वेड्यात काढलं, दोन नोबेल मिळवलेले लायनस पॉलिंग शेवटपर्यंत विरोधात राहिले. 2011 ला शेक्टमनना केमिस्ट्रीचं नोबेल मिळालं.

आता मितींचं बघू, मला यातलं सगळ्यात आवडतं ते हेच, कागद-पेन्सिल घेऊनच बसा. 1 सेंमी चौकटींचा कागद घ्या, चौकटीच्या प्रत्येक कोपऱ्यावर एक अणू आहे असं धरा. एका कोपऱ्यातून तिरकी रेघ मारा, 10 सेंमी उजवीकडे गेली की 6.18 सेंमी वर चढेल अशी. वरच्या बाजूला 13.8 मिमीवर तिला समांतर दुसरी रेघ. या पट्ट्यात जे कोपरे सापडतील त्यांच्यापासून पहिल्या रेघेवर लंब टाका आणि रेघेवर पडलेल्या बिंदूंमधली अंतरं मोजा. दोनच निघतील, मोठं साधारण 8.5 मिमी, छोटं 5.3 मिमी. दोन छोटी कधी शेजारी येत नाहीत, तीन मोठी कधी सलग येत नाहीत, म्हणजे शिस्त कडक आहे, पण कितीही लांब जा, एकच तुकडा फिरून फिरून येतोय असं होत नाही. मोठ्या-छोट्याचं प्रमाण 1.618, सुवर्ण गुणोत्तर. आता रेघ 10 ला 5 अशी चढवा, पट्टा 13 मिमीचा करा, लगेच मोठं-मोठं-छोटं, मोठं-मोठं-छोटं, झाली चादर!

क्वासीक्रिस्टलमध्ये हेच होतं, फक्त तो चौकटींचा कागद सहा मितींचा आणि सावली पडते आपल्या तीन मितींत. म्हणून मीठ-साखरेसारख्या साध्या क्रिस्टलच्या ठिपक्याचा पत्ता तीन पूर्णांकांत सांगता येतो तिथं शेक्टमनच्या ठिपक्यांना सहा लागतात. अजून एक, कागदावरचा पट्टा जरासा वर सरकवला की काही ठिकाणी मोठं-छोटं उलटून छोटं-मोठं होतं, आणि खऱ्या मिश्रधातूतही अणू अशा बारीक उड्या मारतात, त्याला फेझॉन म्हणतात, साध्या क्रिस्टलमध्ये हा प्रकारच नसतो.

त्या जादा तीन मिती म्हणजे हिशेबातले जादा आकडे. तिथून ऊर्जा-बिर्जा काही येत नाही, लॉकेटवाल्याला फेझॉन विचारून बघा. उलट ॲल्युमिनियमवाले क्वासीक्रिस्टल बहुतांश ॲल्युमिनियमच असून वीज आणि उष्णता फार वाईट वाहून नेतात, कडक असतात आणि ठिसूळही.

बरं, 1982 च्या आधी माणसाच्या हातून हे झालंच नव्हतं असंही नाही. 16 जुलै 1945 च्या ट्रिनिटी अणुचाचणीत वाळू आणि तांब्याच्या तारा वितळून लाल काच झाली होती, तिच्यात सिलिकॉन, तांबं, कॅल्शियम आणि लोखंडाचा क्वासीक्रिस्टल निघाला, हे 2021 ला छापून आलं. आणि रशियाच्या अतिपूर्वेला खातिर्का इथं सापडलेल्या उल्केत तर निसर्गानंच केलेला आहे, ॲल्युमिनियम, तांबं आणि लोखंडाचा.