मॉरिशसचे मराठी लोक गुलामांचे वंशज?

‘आपले मराठी पूर्वज मॉरिशसला गुलाम म्हणून विकले गेले’ असा मजकूर बरीच वर्षे फिरतो आहे. त्यामागची कळकळ खरी आहे, पण दोन वेगळ्या गोष्टींची त्यात सरमिसळ झाली आहे.

आधी तारखा पाहू. मॉरिशसमध्ये गुलामगिरी १ फेब्रुवारी १८३५ रोजी कायद्याने संपली. गुलाम मुख्यतः मादागास्कर आणि मोझांबिककडून आणलेले होते; फ्रेंच अमलात थोडे भारतीयही होते. भरपाई मिळाली ती मळेवाल्यांना, गुलामांना छदामही नाही. उलट त्यांना १८३९ पर्यंत ‘उमेदवार’ (अप्रेंटिस, म्हणजे नावापुरते शिकाऊ कामगार) म्हणून राबावे लागले.

उसाला हात हवे होते, म्हणून भारतातून गिरमिटिये, म्हणजे करारावरचे मजूर, आले. त्यांत मुंबई बंदरातून गेलेले रत्नागिरी, साताऱ्याकडचे लोकही होते. करार मुदतीचा, पगार महिना सुमारे पाच रुपये, आणि एक दिवस खाडा झाला की दोन दिवसांचा पगार कापला जाई. जाच होताच. पण माणूस मालकाची मालमत्ता नव्हता, आणि त्याचे मूल जन्मतः बांधलेले नव्हते.

पडताळायचे असेल तर कागद पाहा. गुलामांच्या नोंदवहीत मालकाचे नाव असते. गिरमिटियांच्या नोंदीत क्रमांक, जहाज, बापाचे नाव, गाव, आणि पुढच्या काळात छायाचित्रसुद्धा सापडते.