दिग्दर्शक-छायालेखक

आपल्या चित्रपटाचे दिग्दर्शन आणि छायालेखन (कॅमेऱ्याने चित्रण) अशी दोन्ही कामे स्वतः करणारा चित्रपटकार. मोठ्या निर्मितीसंस्थांत ही खाती वेगळी असतात. स्वतंत्र चित्रपटात ती एका माणसाकडे येतात, आणि त्यामागे कलादृष्टीपेक्षा पैशाची चणचण अधिक वेळा असते. क्रिस्टोफर नोलनने ‘फॉलोइंग’ (१९९८) हा पहिला चित्रपट १६ मिमी कृष्णधवल फिल्मवर स्वतःच चित्रित केला. चमूतले सगळे नोकरदार, म्हणून चित्रीकरण सुट्टीच्या दिवशी. ते सुमारे वर्षभर रेंगाळले. फिल्म वाया जाऊ नये म्हणून तालमी घासून घेतल्या जात आणि एक-दोन टेकमध्ये शॉट उरकला जाई. प्रकाश बहुतांशी जागेवर मिळेल तोच.

या वाटेवर कॅमेऱ्याकडून आलेलेही बरेच आहेत. गोविंद निहलानी यांनी श्याम बेनेगल यांच्या ‘अंकुर’, ‘निशांत’, ‘मंथन’चे छायालेखन केले आणि ‘आक्रोश’पासून (१९८०) ते दिग्दर्शनात उतरले, त्याचे छायालेखनही त्यांचेच. ब्रिटिश छायालेखक निकोलस रोग यांनी ‘वॉकअबाउट’ (१९७१) असाच केला.

दुहेरी भूमिकेचा खरा ताण सेटवर कळतो. कॅमेरा खांद्यावर असलेल्या माणसाचा डोळा फ्रेमच्या कडांवर असतो: बूम माइक (लांब दांडीवरचा माइक) आत डोकावतो का, नट जमिनीवरच्या खुणेच्या दोन बोटे पुढे सरकला तर फोकस सुटतो का, ढग आला तर लेन्सचे छिद्र किती उघडायचे. या गडबडीत नटाने वाक्य कसे टाकले, हे निसटते. त्यामुळे टेक संपताच तो पुन्हा बघावा लागतो किंवा ध्वनिमुद्रकाला विचारावे लागते. उलट फायदाही मोठा आहे. नट अनपेक्षितपणे वळला, तर कुणाला इशारा न करता कॅमेरा त्याच्या मागे जातो. माहितीपटात तर ही एकहाती पद्धत कथापटापेक्षा जास्त शोभते: माणसे चमूसमोर अवघडतात, एकट्यासमोर बोलती होतात. फ्रेंच दिग्दर्शिका आन्येस व्हार्दा यांनी सत्तरीत छोटा डिजिटल कॅमेरा हाती घेतला तो याच मोकळेपणासाठी.

उपजीविका मात्र स्वतःच्या चित्रपटांवर क्वचितच चालते. जाहिराती, कंपन्यांच्या प्रचारफिती, दुसऱ्यांच्या चित्रपटांचे छायालेखन यांवर घर चालते आणि कॅमेऱ्याचे हप्ते फिटतात. अनुदान मिळाले तर मधली वर्षे सुसह्य होतात. नेदरलँड्समधील रॉटरडॅम चित्रपट महोत्सवाचा ह्यूबर्ट बाल्स निधी अशा मदतीसाठी ओळखला जातो.

पैसा हाताशी असूनही हा मार्ग धरणारे आहेत. अल्फोन्सो क्वारोनला ‘रोमा’साठी (२०१८) दिग्दर्शन आणि छायालेखन अशी दोन्ही ऑस्कर मिळाली, स्वतःच्याच चित्रपटासाठी छायालेखनाचे ऑस्कर पटकावणारा तो पहिला दिग्दर्शक. स्टीव्हन सोडरबर्ग ‘ट्रॅफिक’पासून (२०००) आपले बहुतेक चित्रपट स्वतः चित्रित करतो, पण श्रेयनामावलीत छायालेखक म्हणून ‘पीटर अँड्रूज’ झळकतो. हे नाव त्याने वडिलांच्या नावावरून घेतले.