रूट पासवर्ड (लिनक्स)

लिनक्समधल्या सर्वाधिकारी वापरकर्त्याला रूट म्हणतात आणि त्याच्या खात्याच्या पासवर्डला रूट पासवर्ड. रूटचा वापरकर्ता क्रमांक 0 असतो. अधिकार नावाला नसून या शून्याला आहेत. खात्याचे नाव बदलले तरी ते तसेच राहतात.

पासवर्ड संगणकावर जसाच्या तसा साठवत नाहीत. ‘इटीसी’ फोल्डरमधल्या ‘शॅडो’ फाइलमध्ये त्याचा हॅश, म्हणजे गणिती प्रक्रियेने बनवलेली आणि उलट फिरवता न येणारी अक्षरमाला असतो आणि ही फाइल सामान्य वापरकर्त्याला वाचता येत नाही. तिच्या प्रत्येक ओळीत कोलनने तोडलेले 9 रकाने असतात. पहिल्यात नाव, दुसऱ्यात हॅश, तर तिसऱ्यात पासवर्ड शेवटचा कधी बदलला ते, 1 जानेवारी 1970 पासूनच्या दिवसांत मोजून. हॅशच्या सुरुवातीला $6$ दिसले तर तो एसएचए-512 पद्धतीचा. त्यामागून येते सॉल्ट, म्हणजे यादृच्छिक अक्षरे. त्यामुळे दोघांचा पासवर्ड एकच असला तरी हॅश वेगळे दिसतात. लिनक्स जिच्या धर्तीवर बनले त्या युनिक्स प्रणालीच्या जुन्या आवृत्त्यांत हॅश सर्वांना वाचता येणाऱ्या फाइलमध्येच असत. सॉल्टमागचा विचार युनिक्सवर काम करणाऱ्या रॉबर्ट मॉरिस आणि केन थॉम्पसन यांनी 1979 च्या लेखात मांडला आहे. तेव्हाचा सॉल्ट अवघा 12 बिटांचा, म्हणजे 4096 प्रकारांचा होता.

हॅशच्या जागी नुसते ! असेल तर कोणताच पासवर्ड चालत नाही. उबुंटू हा लिनक्सचा एक प्रकार 2004 च्या पहिल्या आवृत्तीपासून रूट असाच बंद ठेवतो आणि कामे ‘सुडो’ने, म्हणजे सामान्य वापरकर्त्याला तेवढ्यापुरते रूटचे अधिकार देणाऱ्या कमांडने करवतो. अनेक जण सांभाळत असलेल्या सर्व्हरवर हीच पद्धत योग्य: प्रत्येक जण स्वतःचा पासवर्ड वापरतो आणि कोणी काय केले त्याची नोंद राहते. एक अडचण मात्र आधीच माहीत असावी. डिस्क नीट जोडली गेली नाही आणि यंत्र आणीबाणीच्या मोडमध्ये अडकले, तर तिथे बहुधा रूटचाच पासवर्ड लागतो; खाते बंद असेल तर लिनक्सच्या अनेक प्रकारांत ‘रूट खाते बंद आहे’ एवढाच संदेश येऊन काम तिथेच अडते.

पासवर्ड विसरल्यास ग्रबच्या, म्हणजे संगणक सुरू होताना लिनक्स चालू करणाऱ्या प्रोग्रामच्या यादीत ‘ई’ दाबून कर्नलच्या (लिनक्सच्या गाभ्याच्या) ओळीअखेर ‘इनिट=/बिन/बॅश’ जोडतात. या वाटेने गेल्यावर मूळ विभाजन (डिस्कचा लिनक्स असलेला भाग) बहुधा फक्त वाचण्यापुरते जोडलेले असते. ते आधी लिहिण्यायोग्य करून मगच पासवर्ड बदलणारी ‘पासडब्ल्यूडी’ कमांड द्यायची. हीच पायरी अनेकदा राहून जाते. रेड हॅट घराण्यातल्या लिनक्समध्ये सेलिनक्ससाठी, म्हणजे फाइलींवरच्या खुणा पाहून परवानगी ठरवणाऱ्या सुरक्षा यंत्रणेसाठी, मूळ फोल्डरमध्ये ‘.ऑटोरीलेबल’ फाइलही करावी लागते, नाहीतर नवा पासवर्ड बरोबर असूनही लॉगिन नाकारले जाऊ शकते.

ही सोय कीबोर्डपर्यंत पोहोचलेल्या कोणालाही मिळते. ग्रबला पासवर्ड लावला तरी डिस्क काढून दुसऱ्या यंत्राला जोडता येते. ती वाट ‘लक्स’ या लिनक्सच्या डिस्क-कूटबद्धीकरण पद्धतीने डिस्क कूटबद्ध केल्यावरच बंद होते.